काचेचा महाल आणि पाण्याचा नळ

अंधेरीचा मोहन स्टुडिओ. आमच्या बापाच्या पिढीला हे नाव तोंडपाठ. के. आसिफने तिथे 'मुगल-ए-आझम'साठी काचेचा महाल उभा केला. 150 फूट लांब, 80 फूट रुंद, 35 फूट उंच. काच बेल्जियमची, कारागीर फिरोजाबादचे. बांधायलाच दोन वर्षं गेली.

या सिनेमाचं शूटिंग 1946 साली मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये सुरू झालं. फाळणी झाली, पैसा घालणारा पाकिस्तानात गेला. 1949 साली अकबराचं काम करणारा चंद्रमोहन वारला. दुसरा कुणी गप घरी बसला असता. आसिफने शापूरजी पालनजींचा पैसा आणला, नवे नट घेतले, परत पहिल्यापासून सुरुवात. मधेच रंगीत फिल्म बघितली, तर म्हणे सगळं पुन्हा रंगीत काढू! वितरक तयार झाले नाहीत. 5 ऑगस्ट 1960 ला पिक्चर लागला.

एवढ्यावर भागलं नाही. 1963 साली 'लव्ह अँड गॉड' घेतला. पुढच्याच वर्षी नायक गुरुदत्त गेला. संजीव कुमारला घेऊन परत तेच. 1971 साली आसिफच गेला. अर्धवट सिनेमा 1986 ला लागला.

दोस्तांनो, एक दासी बादशहाला भर दरबारात भीत नाही, हे आसिफने दाखवलं. ते आपल्याला भिडणारच. पण केलेली वस्तू करणाऱ्यालाच गिळते, तेपण बघा. मी हसायला लिहीत नाय. मीपण सहा महिने एकच कविता घासत बसलेलो. वस्तीतून नळासाठी मोर्चा निघाला, मी घरात. का, तर शेवटची ओळ जमत नव्हती! आई हंडा घेऊन गेली. परत आली, काय बोलली नाय.

तेव्हा बाबासाहेब आठवले. घटनेसाठी त्यांनी तब्येत झिजवली. तरी 2 सप्टेंबर 1953 ला राज्यसभेत अल्पसंख्याकांच्या संरक्षणाची बाजू मांडताना ते म्हणाले, घटना जाळायला पहिला मी पुढे होईन. 1955 साली त्यांनी खुलासा केला: देवासाठी बांधलेल्या देवळात सैतान घुसले, तर दुसरं काय करायचं? घटना टाकाऊ, असा याचा अर्थ नव्हे. ज्यांच्यासाठी ती लिहिली ती माणसं आधी, एवढाच अर्थ. एवढं मोठं काम करून हा माणूस त्याच्या प्रेमात अडकला नाही.

कविता लिहा, जीव तोडून लिहा. पण मोर्चाची हाक आली की वही मिटा.

माझी ती कविता अजून अर्धीच आहे. नळ आलाय.