मोहिनीचा ठेका

मूकपटात संगीत नव्हते, हे अर्धेच खरे आहे. नव्हता तो आवाज. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र'नंतर दादासाहेब फाळक्यांनी हाती घेतली ती 'मोहिनी भस्मासुर'ची कथा, आणि तिचा सगळा डाव नाचावर उभा आहे. मोहिनी नाचते, भस्मासुर तिची नक्कल करतो आणि हात स्वतःच्याच डोक्यावर ठेवून राख होतो. मोहिनी झाल्या कमलाबाई, पार्वती झाल्या त्यांच्या आई दुर्गाबाई कामत. याच कमलाबाई पुढे कमलाबाई गोखले म्हणून रंगभूमीवर गाजल्या. फाळक्यांना चमत्कार दाखवायचे होते, नाच केवळ निमित्त, असे कोणी म्हणेल. पण राख होणे हे कॅमेऱ्याचे क्षणाचे काम. त्याआधीची नक्कल पटायची तर ठेका हवा. तो फितीत नव्हता. थिएटरातल्या पेटी-तबल्यावर तो होता, आणि प्रोजेक्टरचा दांडा हाताने फिरवणाऱ्याच्या मनगटातही: त्याने घाई केली की मोहिनी दुगुनीत नाचणार!

मग ते संगीत चित्रपटाचे कसे, ते तर थिएटराचे, हा आक्षेप अधिक वजनदार आहे. माझ्या मते ते प्रेक्षकाचे होते. त्याच १९१३ साली बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी उभी राहिली. म्हणजे शहरी प्रेक्षकाचा कान पदांनी भरलेला होता. नागपूर-कन्हान पट्ट्यात खडी गंमत हे लोकनाट्य पाहत वाढलेल्याला तर नाच्याने पाय उचलला की ढोलकी कुठे पडणार हे सांगावे लागत नसे. असा माणूस पडद्यासमोर बसला की उरलेले तोच भरून काढणार. नाहीतर १९२१ साली तुकारामांवर मूकपट काढण्याचे धाडस समजत नाही. ज्याचे सारे सामर्थ्य अभंगात, त्याला मुका दाखवायचा? पडद्यावर ओठ हलले की अभंग ज्याच्या त्याच्या मनात उमटेल, हा भरवसा असल्याशिवाय ते शक्य नव्हते. 'प्रभात'च्या १९३६ च्या 'संत तुकाराम'मध्ये विष्णुपंत पागनीस गायले, तेव्हा प्रेक्षकाचे हे काम संपले. त्या बोलपटाच्या आरंभीच तुकाराम अभंग गातात आणि पाठोपाठ त्यांचा प्रतिस्पर्धी सालोमालो तोच अभंग स्वतःचा म्हणून मिरवतो. मूकपटात हा प्रसंग रंगलाच नसता. दोघांचे ओठ सारखेच हलले असते.