महानुभाव संन्यासपरिवार, रिद्धपूर

तेराव्या शतकातील महानुभाव स्त्री-पुरुष संन्याशांचा समूह. रिद्धपूर (ऋद्धिपूर) हे गाव यवतमाळला लागून असलेल्या अमरावती जिल्ह्याच्या मोर्शी तालुक्यात आहे. चक्रधरांचे गुरू गोविंदप्रभू येथे राहत. चक्रधरांनी सु. १२७४ मध्ये उत्तरापंथे प्रयाण केल्यावर नागदेवाचार्य व इतर अनुयायी त्यांच्या सेवेसाठी येथे आले.

चक्रधरांनी स्त्रियांना व शूद्रांना संन्यासाचा अधिकार दिला आणि रजस्वलेचा विटाळ मानला नाही. त्यामुळे या परिवारात नागदेवांच्या मातोश्री आबाइसा, भगिनी उमाइसा आणि चुलत बहीण महदाइसा यांना स्थान मिळाले. महदाइसा बालविधवा होती. गोविंदप्रभूंच्या विवाहोत्सवप्रसंगी तिने श्रीकृष्ण-रुक्मिणी विवाहावर धवळे रचले. ती आद्य मराठी कवयित्री गणली जाते. म्हाइंभटांनी साथीदारांच्या आठवणी पडताळून सु. १२७८ मध्ये येथेच लीळाचरित्र सिद्ध केले.

स्त्री-पुरुषांचे संन्यासजीवन समकालीन यूरोपातही आढळते. इंग्लंडमध्ये गिल्बर्टने सेंप्रिंगहॅम येथे ११३१ मध्ये अशा पंथाचा प्रारंभ केला. तेथे भिक्षू व भिक्षुणी एकाच चर्चमध्ये उपासना करीत. पण मधल्या भिंतीमुळे त्यांना परस्परांचे दर्शन होत नसे. आठव्या हेन्रीच्या काळी, १५३८-३९ च्या सुमारास, हा पंथ विसर्जित झाला. महानुभावांचा भर मात्र मठाच्या वास्तूपेक्षा अटन, भिक्षा व एकांत यांवर होता. स्त्री-पुरुषांच्या वर्तनाची मर्यादा भिंतीने नव्हे, तर आचारनियमांनी राखली जाई.

सु. १२८७ मध्ये गोविंदप्रभूंचे निधन झाल्यावर नागदेवाचार्यांनी पंथाची धुरा सांभाळली. केशिराजादी पंडित संस्कृतात लिहू इच्छीत असता, त्यामुळे आपल्या परिवारातील वृद्ध स्त्रिया ज्ञानास वंचित होतील, असे सांगून त्यांनी मराठीचाच आग्रह धरला. प्रारंभिक मराठी गद्याच्या समृद्धीस या भिक्षुणींची उपस्थिती अशा रीतीने साहाय्यभूत ठरली.

पुढे हे वाङ्मय सकळा इ. सांकेतिक लिप्यांत बंदिस्त झाले. त्यामुळे पाठ टिकले, परंतु पंथाबाहेरील वाचकांस ते शतकानुशतके अज्ञात राहिले. वि. का. राजवाडे यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी लिपीचा उलगडा केला आणि महदाइसेचे नाव मराठी वाङ्मयेतिहासात आले. मराठी भाषा विद्यापीठासाठी शासनाने २०२३ मध्ये रिद्धपूरची निवड जाहीर केली, तिला याच परंपरेची पार्श्वभूमी आहे.