हंसा वाडकर ते आर्ची

पुण्याहून सोलापूरला जाताना आमची टेंभुर्णी लागते. तुम्ही बहुतेक चहापुरते थांबता. इथून एक रस्ता अकलूजला फुटतो, दुसरा जेऊर-करमाळ्याकडे. अकलूजची रिंकू राजगुरू आणि जेऊरचे नागराज मंजुळे, दोघांचा 'सैराट' २०१६ साली आला आणि तेव्हापासून एक प्रश्न डोक्यात आहे. गावाकडची बाई त्याआधी मराठी पडद्यावर कशी दिसायची?

जरा मागे जाऊ. १९४७चा 'लोकशाहीर रामजोशी'. नायक आपल्या सोलापूरचा शाहीर आणि हंसा वाडकर तमाशातली बया. मग १९५९चा, अनंत मानेंचा 'सांगत्ये ऐका'. पुन्हा तमाशा. हंसाबाईंसोबत जयश्री गडकर ही नवी नायिका. पुण्याच्या विजयानंदला १३१ आठवडे चालला! मग काय, तमाशापटांची रांगच लागली. बाई ठसक्यात बोलणार, पण फडावर. समोर लोडाला टेकून पाटील बसलेले.

हंसाबाईंचं स्वतःचं जगणं मात्र त्यात कुठंच नव्हतं. लहान वयात घरासाठी सिनेमात येणं, नवऱ्याचा जाच, दारू... हे त्यांनी १९७०च्या आत्मचरित्रात सांगितलं. नाव तेच, 'सांगत्ये ऐका'. त्यावरून श्याम बेनेगलांनी १९७७ला 'भूमिका' केला आणि स्मिता पाटीलला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

आता आर्ची बघा. ही पाटलाच्याच घरातली पोर. बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते आणि बोलते आमच्याकडचं मराठी. ज्या बोलीला शहरात हसायचे, ती थेट नायिकेच्या तोंडी! रिंकूला राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेख मिळाला, सिनेमानं शंभर कोटींच्या वर धंदा केला.

पण मला विचाराल तर रिंकूचं खरं काम उत्तरार्धात आहे. हैदराबादेत भाषा येत नाही, स्वयंपाक येत नाही, बापाचं नाव तिथं चालत नाही. सगळ्यांना गप्प करणारी पोरगी स्वतःच गप्प होते, आणि हळूहळू पुन्हा उभी राहते. फारसे संवाद नाहीत. चेहरा सगळं सांगतो.

आणि शेवटी मारेकरी येतात ते माहेरचेच.

आर्चीच्या बुलेटवर आपण सगळ्यांनीच शिट्ट्या मारल्या. आपल्या घरातली पोरगी तशीच निघाली, तर दार उघडं ठेवणार का? तेवढं सांगा.