शिरपूरच्या मूर्तीखालचा चुंबक

वाशीम जिल्ह्यात मालेगाव तालुक्यातले शिरपूर अंतरिक्ष पार्श्वनाथामुळे देशभरच्या जैनांना ठाऊक आहे. मूर्ती जमिनीला न टेकता अधांतरी आहे, तिच्याखालून वस्त्र सरकवता येते, अशी श्रद्धा आहे. या श्रद्धेला उत्तर म्हणून सुशिक्षितांत एक मत पक्के रुजले आहे: त्यात दैवी काही नाही, आत लोहचुंबक बसवलेले आहेत. हे विज्ञानाच्या नावाने बोलले जाते आणि ऐकणारा निश्चिंत होतो. मला खंडन करायचे आहे ते या मताचे. मूर्तीच्या दैवीपणाचा किंवा दिगंबर-श्वेतांबर वादाचा निवाडा इथे करायचा नाही. चुंबकाला जे काम चिकटवले आहे, ते त्याच्याने होते का, एवढेच पाहायचे आहे.

पूर्वपक्ष आधी पुऱ्या ताकदीने मांडू. चुंबक लोखंडाला दुरून ओढतो. वरच्या चुंबकाची ओढ आणि लोखंडाचे वजन एका विशिष्ट उंचीवर बरोबर सारखे होईल. मग त्या उंचीवर लोखंड का थांबू नये?

सारखे होते हे खरे, पण थांबत नाही. लोखंड केसभर वर सरकले की ओढ वाढते आणि ते चुंबकाला जाऊन चिकटते. केसभर खाली आले की ओढ घटते आणि ते पडते. चारही बाजूंनी चुंबक लावले तर? इंग्लंडमधल्या सॅम्युअल अर्नशॉ यांनी 1842 साली गणिताने दाखवले की अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात घटणाऱ्या अशा बलांची कोणतीही स्थिर मांडणी वस्तूला अधांतरी टिकवून धरू शकत नाही. एका दिशेने तोल सांभाळला की दुसरीकडून तो सुटतोच. जर्मन शास्त्रज्ञ ब्राउनबेक यांनी 1939 साली या विचाराची व्याप्ती वाढवली: लोखंडासारख्या, चुंबकाकडे ओढल्या जाणाऱ्या पदार्थांना यातून सूट नाही, चुंबकापासून दूर ढकलले जाणारे पदार्थ मात्र तरंगू शकतात. बिस्मथ तसा आहे, पाणीही तसेच आहे. म्हणून 1997 साली नेदरलंड्समध्ये आंद्रे गाइम आणि त्यांच्या सहकाऱ्यांना जिवंत बेडूक हवेत तरंगवता आला. पण त्यासाठी सुमारे 16 टेस्लाचे क्षेत्र आणि प्रचंड विद्युतचुंबक लागला. खाणीतून निघालेल्या चुंबकपाषाणाची शक्ती याच्या जवळपासही नसते. चुंबकावर तरंगणाऱ्या काही आगगाड्यांत तर अंतर सतत मोजून वीजप्रवाह क्षणोक्षणी कमी-जास्त करावा लागतो.

शिवाय मूर्ती लोखंडाची आहे, असे परंपरा कुठेही म्हणत नाही. मूर्तीच्या उगमाच्या एका कथेत माली आणि सुमाली यांच्या सेवकाने पूजेसाठी ती वाळू आणि शेणाची घडवली, नंतर ती पाण्यात राहिली आणि त्या पाण्याने श्रीपाल राजाचे कोड गेले. मूर्तीला लेप द्यावा लागतो आणि त्या लेपाचा वाद न्यायालयापर्यंत गेला, हे वऱ्हाडात सर्वांना माहीत आहे. चुंबकवाद्यांना आधी ही मूर्ती मनातल्या मनात लोखंडाची करावी लागते.

जुन्या ग्रंथांत काय आहे? तेराव्या शतकातले दिगंबर कवी मदनकीर्ती यांची 'शासनचतुस्त्रिंशिका' आणि चौदाव्या शतकातले श्वेतांबर आचार्य जिनप्रभसूरी यांचा 'विविधतीर्थकल्प', दोन्हींत या स्थानाचा गौरव आहे. दोघेही मूर्ती अधांतरी असल्याचे सांगतात. पंथ वेगळे असले तरी चुंबकाचे नाव कोणीच काढत नाही.

मग तो आला कुठून? माझ्या मते ही एक फिरस्ती कथा आहे आणि तिचा माग लावता येतो. पहिल्या शतकात रोमन लेखक प्लिनीने लिहिले की अलेक्झांड्रियात राणी अर्सिनोईच्या मंदिराला चुंबकपाषाणाचे छत करून तिची लोखंडी मूर्ती अधांतरी ठेवायचा बेत होता. पण शिल्पी आणि राजा दोघेही काम पुरे होण्याआधी वारले. म्हणजे मुळातच ते न बांधलेले छत आहे. मध्ययुगीन युरोपात हीच गोष्ट मदिनेतल्या पैगंबरांच्या शवपेटीला चिकटली. तेराव्या शतकात अल-कझविनीने ती सोमनाथाला लावली: छत चुंबकाचे होते, गझनीच्या महमूदाने वरचे दगड काढवले आणि मूर्ती कलून पडली. पण महमूदाच्याच काळातला अल-बिरूनी सोमनाथाचे वर्णन लिंग म्हणून करतो. अधांतरीपणाचा उल्लेखही करत नाही. जवळचा साक्षीदार गप्प आणि दोन शतकांनंतरचा लेखक मात्र तपशिलासकट बोलतो, तेव्हा इतिहासकाराने कोणावर विश्वास ठेवावा हे उघड आहे.

आपल्याकडे चुंबकाचा विचार कमी झालेला नाही. वैशेषिक सूत्रांत सुईच्या चुंबकाकडे सरकण्याची चर्चा आहे आणि तिचे कारण 'अदृष्ट' म्हटले आहे. कालिदासाने 'कुमारसंभवा'त अयस्कांताची उपमा वापरली. 'रसरत्नसमुच्चया'त कांतलोहाचे भ्रामक, चुंबक, कर्षक, द्रावक आणि रोमकांत असे प्रकार सांगितले आहेत: एक लोखंड फिरवतो, एक चिकटवतो, एक ओढून घेतो. रसशास्त्राच्या या मंडळींनी खनिजांना पुष्कळ अद्भुत गुण चिकटवले. तरी लोखंड हवेत ठेवणारा प्रकार या पाचांत नाही. म्हणूनच 'पूर्वजांना चुंबकविद्या अवगत होती' असे अभिमानाने सांगणाऱ्यांनाही माझा तितकाच विरोध आहे. अभिमानी आणि संशयी, दोघे एकाच काल्पनिक दगडावर उभे आहेत. श्रद्धाळू निदान चमत्काराला चमत्कार म्हणतो. हे दोघे त्याला खनिज म्हणतात, आणि त्यामुळे पुढची चौकशीच थांबते.

चौकशी करायचीच तर दोन वाटा आहेत. पहिली कथेची. पूर्वी मूर्तीखालून डोक्यावर घागर घेतलेली बाई जाई, कोणी म्हणतात घोडेस्वार जाई. आज वस्त्र जाते. अंतर घटत गेल्याचे परंपरा स्वतःच सांगते, आणि ते कलियुगाचा परिणाम म्हणून सांगते. भाविकांच्या मनात हे तीर्थ कसे बदलत गेले, याचा हा मोलाचा पुरावा आहे. चुंबक मध्ये आणला की हा पुरावा नजरेआड होतो. दुसरी वाट शिल्पाची: जड वस्तू कुठे, किती थोड्या जागेवर टेकवली तर ती निराधार वाटते? शिल्पी हे जाणतात. लेपाक्षीच्या मंदिरातला एक खांब जवळजवळ जमिनीपासून सुटलेला आहे आणि त्याच्याखालूनही लोक कापड सरकवतात. तिथे वरचे छत बाकीच्या खांबांनी पेललेले आहे.

चुंबकाची परीक्षा मालेगावच्या कोणत्याही शाळेत करता येईल. टाचणीला दोरा बांधा, दोऱ्याचे टोक टेबलावर चिकटवा, वर चुंबक धरा. टाचणी हवेत ताठ उभी राहील आणि मुले टाळ्या वाजवतील. मग कात्रीने दोरा कापा. टाचणी तत्क्षणी चुंबकाला जाऊन चिकटेल. आणि दोरा कापण्याआधी चुंबक थोडा दूर नेला, तर ती टेबलावर पडेल.