पाणी अडविणारे आणि पाणी वांटणारे



सन १९७३ चा उन्हाळा मला चांगला आठवतो. मी तेव्हां चौदा वर्षांचा होतों. सासवडच्या पूर्वेस, कऱ्हेच्या खोऱ्यांत आमचें गांव. पावसानें लागोपाठ दगा दिलेला, विहिरींचे तळ उघडे पडलेले, आणि गांवांतील निम्मीं माणसें सडकेच्या कामावर खडी फोडीत बसलेलीं, असें तें चित्र होतें. घरीं मिलो नांवाच्या तांबड्या परदेशी जोंधळ्याची भाकरी आणि कामावर मिळणारी सुकडी यांवर आमचा गुजारा चाले. माझे वडील सहा एकरांचे धनी. परंतु तेहि हातोडा घेऊन उन्हांत बसत. त्या मे महिन्यांत महाराष्ट्रांतील दुष्काळी कामांवर सुमारें ५० लक्ष माणसें होतीं, हें मला पुढें वाचनांत कळलें. त्या वेळीं मला फक्त आमच्या वेशीबाहेरचे खडीचे ढीग दिसत. एके संध्याकाळीं वडील त्या ढिगांकडे पाहून म्हणाले, "एवढा धोंडा आपल्याच ओढ्यांत रचला असता, तर पुढच्या सालीं पाणी तरी थांबलें असतें."

हा विचार एकट्या माझ्या वडिलांना सुचला असें मुळींच नाहीं. डोंगराच्या माथ्यापासून ओढ्याच्या तळापर्यंत जेवढ्या भूमीवरचें पाणी एका वाटेनें वाहून येतें, तेवढ्या भूमीस आज पाणलोट क्षेत्र म्हणतात; आणि ती भूमि राखणें हा आतां एक स्वतंत्र व्यवसाय झाला आहे. त्यांत स्थापत्यविशारद आहेत, भूगर्भशास्त्रज्ञ आहेत, वनस्पतींचे अभ्यासक आहेत. या व्यवसायाची आपल्याकडील पूर्वपीठिका काय, हें मी आज आपणांपुढें मांडणार आहें.

प्रारंभ जोतीराव फुले यांच्यापासून करावा लागतो. १८८३ सालीं त्यांनीं 'शेतकऱ्याचा असूड' हा ग्रंथ लिहिला. डोंगरावरचा पालापाचोळा पावसाबरोबर शेतांत येऊन पूर्वीं जमिनीला आपोआप खत मिळे, तें कां थांबलें, याची चर्चा त्यांत आहे. शिवाय, सरकारनें फौजेंतील व पोलिसांतील लोकांना फावल्या वेळीं जागोजाग तालीं व बंधारे घालावयास लावावें, म्हणजे पावसाचें पाणी शेतांत मुरून मग ओढ्यानाल्यांस मिळेल, अशी स्पष्ट सूचना आहे. आज ज्याला 'माथा ते पायथा' म्हणतात, त्याचें बीज या सूचनेंत आहे. त्याच ग्रंथांत आणखी एक गाऱ्हाणें आहे. गांवचीं गायरानें जंगल खात्यानें आपल्या ताब्यांत घेतल्यामुळें शेतकऱ्याच्या शेरडाकरडांना चरावयास जागा उरली नाहीं, असें जोतीराव म्हणतात. बंधाऱ्याची सूचना व गायरानाचें गाऱ्हाणें एकाच लेखणींतून उतरलीं आहेत, एवढें श्रोत्यांनीं ध्यानांत ठेवावें.

बांध कसा घालावा याचें शास्त्र मात्र चाळीस वर्षें रेंगाळलें. १९२३ सालीं पुण्याजवळ मांजरी येथें मुंबई सरकारच्या शेतकी खात्यानें जिराईत शेतीचे प्रयोग सुरू केले; १९३३ सालीं सोलापूर व विजापूर येथें संशोधनकेंद्रें निघालीं. सोलापुरास एन. व्ही. कानिटकर व त्यांचे सहकारी यांनीं उताराच्या जमिनीचे लहान लहान तुकडे पाडले आणि प्रत्येक पावसांत किती पाणी व त्याबरोबर किती माती वाहून जाते, तें मोजलें. या कामांत दिपवून टाकण्यासारखें कांहीं नव्हतें. पाऊस पडला कीं जाऊन गाळ मोजावयाचा आणि वहींत लिहावयाचा. परंतु जमीन उडून जाते ही गोष्ट शेतकऱ्यास ठाऊक असली, तरी ती किती उडते हें सरकारास आंकड्यांनींच पटतें! समपातळींतील बांध, खोल नांगरट, विरळ पेरणी, वारंवार कोळपणी अशी जी पद्धति 'मुंबईची जिराईत पद्धति' म्हणून पुढें ओळखली गेली, ती या वह्यांतून निघाली. कानिटकरांचा ग्रंथ १९४४ सालीं प्रसिद्ध झाला.

त्यापूर्वीं दोन वर्षें, म्हणजे १९४२ सालीं, मुंबई इलाख्यांत जमीन सुधारणा योजनांचा कायदा झाला, आणि विजापूरकडील दुष्काळांत बांधबंदिस्तीचीं कामें मोठ्या प्रमाणावर निघालीं. स्वातंत्र्यानंतर हींच कामें साऱ्या महाराष्ट्रांत पसरलीं. आमच्या शेतांतहि तो बांध आला. मोजणीदार दुर्बीण घेऊन आले, चुना टाकला, आणि समपातळीची रेघ आमच्या व चुलत्यांच्या रानांतून तिरपी नेली. पाण्याला मालकीची हद्द कळत नाहीं, त्यामुळें शास्त्राच्या दृष्टीनें ती रेघ बरोबरच होती. मात्र त्या रेघेमुळें आमचा एक कोपरा बांधापलीकडे, चुलत्यांच्या बाजूस गेला, औत वळेना, आणि खर्चाचा बोजा तेवढा सातबाऱ्यावर चढला. आम्हांला कोणीं विचारलें नव्हतें. तिसऱ्या वर्षीं चुलत्यांनीं आपल्या बाजूनें बांध नांगरून टाकला. असे नांगरलेले बांध त्या काळीं गांवोगांव होते. भारी काळ्या जमिनींत तर बांधामागें पाणी तुंबे, पीक पिवळें पडे, आणि शेवटीं बांधच फुटे. शास्त्र अर्धेंच शेतांत उतरलें होतें. उरलेलें अर्धें, म्हणजे शेजाऱ्या-शेजाऱ्यांचा समेट, कोणाच्याच खात्यांत बसत नव्हतें.

हें उरलेलें अर्धें आपल्याकडे कधींच नव्हतें असें समजूं नये. खानदेशांत पांझरा व नाशिककडे मोसम या नद्यांवर फड पद्धति कित्येक शतकें चालली. बंधाऱ्याखालचें रान फडांत विभागलेलें, एका फडांत सर्वांचें एकच पीक, आणि पाणी फिरविण्यास गांवानें नेमलेला पाटकरी. कोणाला किती पाणी, हें बंधाऱ्याच्या दगडाइतकेंच पक्कें असे.

आतां १९७२ कडे परत येतों. त्या सालीं पुण्याचे एक कारखानदार पुरंदर तालुक्यांत दुष्काळ पाहावयास आले. त्यांचें नांव विलासराव साळुंखे. शिक्षणानें ते इंजिनियर; त्यांच्या कारखान्यांत सूक्ष्म मापनाचीं साधनें बनत. शेतकरी आपलें रान सोडून खडी फोडीत बसला आहे, हा देखावा त्यांना साहवला नाहीं. मोजमापाची संवय असलेल्या माणसाला हा हिशेब चुकलेला दिसला यांत नवल नाहीं. १९७४ सालीं नायगांव येथील देवस्थानची ४० एकर उजाड, उताराची जमीन त्यांनीं ५० वर्षांच्या करारानें घेतली. कल्पनाताई साळुंखे व ते त्या माळावर राहून काम करूं लागले. वरपासून बांध घातले, पायथ्याशीं पाझर तलाव केला, तलावाखालीं विहीर खोदली, आणि मुरलेलें पाणी पंपानें पुन्हां वर चढविलें. जेथें वर्षास वीस इंच पाऊस मिळाला तरी शेतकरी देवाचे आभार मानतो, तेथें हिरवें रान उभें राहिलें.

येथवरची गोष्ट इतर पुष्कळ ठिकाणीं घडलेली आहे. साळुंख्यांचें खरें काम याच्या पुढें आहे. आसपासच्या गांवांनीं 'आम्हांलाहि योजना द्या' म्हटल्यावर त्यांनीं पाणी पंचायतीचे नियम घालून दिले. योजना एकट्यादुकट्याला मिळणार नाहीं, गटालाच मिळेल. पाणी जमिनीच्या प्रमाणांत नव्हे, तर घरांतील माणसांच्या प्रमाणांत मिळेल. माणशी अर्धा एकर, आणि एका कुटुंबास फार तर अडीच एकर. खर्चाचा पांचवा हिस्सा लाभधारकांनीं आधीं भरावा. ऊंस लावावयाचा नाहीं. जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर विकला जाणार नाहीं, तो पंचायतीकडे परत येईल. आणि ज्याला जमीनच नाहीं, त्यालाहि पाण्यावर हक्क राहील.

माझे एक मामा वीस एकरांचे बागाईतदार होते. नियम ऐकतांच ते उसळून म्हणाले, "अरे, रान माझें वीस एकर आणि पाणी अडीचाचें? मग त्या साडेसतरांवर काय गोट्या खेळूं?" मी त्या वेळीं नुकताच मास्तर झालों होतों, आणि समानतेवर वर्गांत निबंध लिहून घेत असें; परंतु मामांपुढें मला उत्तर सुचलें नाहीं. पुढें एकदां नायगांव पाहावयास गेलों, तेव्हां पाटकऱ्याजवळ बसलेल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्यास हाच प्रश्न विचारला. तो म्हणाला, "गुरुजी, पाऊस काय सातबारा बघून पडतो व्हय? तहान माणसाला लागती, रानाला न्हाई." मामांना मीं तें सांगितलें. ते हंसले, पण पंचायतींत आले नाहींत. त्यांनीं स्वतंत्र विहीर पाडली आणि ऊंस लावला.

पाणी पंचायतीच्या सर्वच योजना टिकल्या असें मी म्हणणार नाहीं. उपसा म्हटला कीं विजेचें बिल आलें. थकबाकी झाली कीं पंप बंद पडे, आणि भांडणें लागत. कांहीं योजना त्यांतच निमाल्या. भूमिहीनांचा हक्क कागदावर सुंदर होता. परंतु पाणी ओतावयास त्यांना दुसऱ्याचें रान वांट्यानें घ्यावें लागे, आणि तें देणारा सहजीं भेटत नसे. तरीहि पाणी ही जमिनीची शेपटी नव्हे, हा विचार महाराष्ट्रांत ज्यांनीं प्रत्यक्ष करून दाखविला, त्यांत साळुंख्यांचें नांव पहिलें घ्यावें लागेल. २००२ सालीं ते निवर्तले.

नंतरच्या मंडळींविषयीं आपण वर्तमानपत्रांतून पुष्कळ वाचलें असेल, म्हणून थोडक्यांत सांगतों. १९७५ पासून अण्णा हजारे यांनीं राळेगणसिद्धि येथें श्रमदान, कुऱ्हाडबंदी व चराईबंदी यांच्या बळावर काम उभें केलें. नगर जिल्ह्यांत आयुष्य वेंचलेले स्विस धर्मगुरु हर्मन बाकर यांच्या पुढाकारानें जर्मनीच्या साहाय्याचा पाणलोट कार्यक्रम आला, आणि १९९३ सालीं त्यासाठीं कार्यकर्ते घडविणारी संस्था निघाली. बांधाआधीं गांवसभा, हा त्यांचा दंडक. हिवरे बाजार येथें १९८९ पासून पोपटराव पवार यांनीं शेतीसाठीं बोअर पाडण्यास व ऊंस-केळी लावण्यास गांवाकडून बंदी करविली. तेथें पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद गांवापुढें मांडतात आणि मग पिकें ठरवितात. सोलापूरच्या त्या वह्या अशा रीतीनें शेवटीं चावडीवर आल्या.

परंतु जोतीरावांचें दुसरें गाऱ्हाणें अजून फिटलेलें नाहीं. डोंगर राखावयाचा तर चराई बंद करावी लागते. आणि चराई बंद झाली कीं पहिला घाव बसतो तो ज्याच्याजवळ चार शेळ्यांवांचून कांहीं नाहीं त्याच्यावर, आणि दिवाळीनंतर मेंढरें घेऊन कोंकणांत उतरणाऱ्या धनगरावर. पायथ्याच्या विहिरींना पाणी चढतें, तें विहीरवाल्याचें. माथ्यावरचें कुरण ज्याचें बंद झालें, त्याच्या पदरांत काय पडतें? हा प्रश्न पाणलोटाच्या कामांत वारंवार उभा राहिला आहे.

या व्यवसायांत आतां वनस्पति व वन्य जीव यांचे अभ्यासक आले आहेत, ते निराळ्याच बाजूनें येथेंच येऊन पोंचतात. आमचा माळ आम्ही लहानपणापासून 'पडीक' म्हणत आलों. कागदोपत्रींहि तोच शब्द. पडीक म्हटलें कीं तेथें झाडें लावण्याचा उत्साह कोणालाहि येतो. गिरिपुष्पासारखीं परदेशी झाडें कित्येक माळांवर अशींच लागलीं. अभ्यासक म्हणतात, हा माळ तुटलेलें जंगल नव्हे; गवत आणि विरळ काटेरी झाडें हेंच येथील पुरातन रूप. जुन्या मराठी ग्रंथांत व ओव्यांत येणारीं झाडांचीं नांवें तपासूनहि त्यांनीं हें दाखविलें आहे. आयुष्यभर त्या ग्रंथांतले उतारे मुलांकडून पाठ करून घेतले, पण त्यांत बाभळी-हिवर मोजावे असें मला कधीं सुचलें नाहीं! सुप्याजवळ १९९७ सालीं मयूरेश्वर अभयारण्य झालें, तें चिंकाऱ्यासाठीं. चिंकारा, लांडगा, माळढोक हे सारे उघड्या माळाचे रहिवासी. दाट झाडी झाली तर ते जातील, आणि त्यांच्याबरोबर मेंढपाळहि जाईल.

आमच्या गांवीं ओढ्यावर आज तीन बंधारे आहेत. मास्तर म्हणून इतिवृत्त लिहिण्याचें काम अर्थातच माझ्या गळ्यांत आहे. मागील वर्षीं पाण्याच्या पाळीवरून मध्यरात्रीपर्यंत वादावादी झाली. सारें संपत आल्यावर मागें भिंतीशीं बसलेला एक मेंढका उठला आणि म्हणाला, तिसऱ्या बंधाऱ्याच्या अंगानें मेंढरांना पाण्यावर उतरावयास एक वाट मोकळी असावी. कोणी विरोध केला नाहीं. सर्वांना झोंप आली होती. ठराव मीं लिहून घेतला. ती वाट महिनाभर मोकळी असते. मग कोणीतरी काट्या टाकतो, कोणीतरी त्या ओढून काढतो, आणि पुढच्या सभेंत मी तो ठराव पुन्हां वाचून दाखवितों.