कोल्लमच्या ताम्रपटावरील साक्षी

केरळातल्या कोल्लम बंदरात इ. स. ८४९ मध्ये वेणाडचा अधिपती अय्यन अडिगळ याने मार सपीर ईशो या ख्रिस्ती पुढाऱ्याच्या तरिसापळ्ळी चर्चला जमीन आणि हक्क दिले. त्याचे ताम्रपट आज कोट्टायम आणि तिरुवल्ला इथल्या चर्चसंस्थांनी जपले आहेत. मुख्य मजकूर जुन्या मल्याळममध्ये, वट्टेळुत्तू लिपीत आहे. अखेरच्या पत्र्यावर मात्र अक्षरांचे वळणच बदलते. तिथे परदेशी व्यापाऱ्यांच्या साक्षी कोरल्या आहेत: अकरा अरबीत, कूफी वळणाच्या, दहा पहलवीत, आणि चार हिब्रू लिपीत लिहिलेल्या फारसीत. अरबी साक्षींत इब्राहीमचा मुलगा मैमून, याह्याचा मुलगा मुहम्मद, मरझुबानचा मुलगा उस्मान अशी नावे वाचता येतात. दान चर्चला, दाता हिंदू आणि त्या दानाची हमी देणाऱ्यांत मुसलमान! मुसलमान आणि ख्रिस्ती यांच्या सलोख्याचा इतिहास आपण बहुधा संतवचनांत आणि राजांच्या औदार्यात शोधतो. तो अशा दस्तऐवजांत शोधावा, असे माझे म्हणणे आहे. माल कोण मोजणार, जकात कोण घेणार, तंट्यात कुणाची साक्ष ग्राह्य धरायची, हे जिथे सगळ्यांच्या संमतीने ठरले होते तिथे हे दोन समाज शतकानुशतके शेजारी नांदले.

ताम्रपटात नेमके काय दिले आहे ते पाहिले की हे उलगडते. चर्चला आणि त्याच्या वस्तीला जकातीच्या सवलती मिळाल्या, बहात्तर मानाचे हक्क मिळाले आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे वजनमापांची देखरेख मिळाली. अंजुवण्णम आणि मणिग्रामम या दोन व्यापारी संघांना या व्यवस्थेच्या रक्षणाची जबाबदारी दिली होती. यानंतर दोनच वर्षांनी, ८५१ च्या सुमारास लिहिलेला एक अरबी वृत्तांत सांगतो की मस्कतहून निघालेले गलबत साधारण महिन्याभरात कोल्लमला लागते आणि तिथून चीनच्या वाटेला लागते. वारा फिरेपर्यंत परतीची वाट बंद, त्यामुळे व्यापाऱ्यांना बंदरात महिनोन्‌महिने मुक्काम करावा लागे. परक्या किनाऱ्यावर इतके दिवस काढायचे, उधारीवर मिरी उचलायची आणि पुढच्या हंगामात पुन्हा त्याच माणसांकडे यायचे, तर तराजूवर विश्वास हवाच. तो तराजू चर्चच्या देखरेखीखाली असेल, तर चर्चचे हक्क अबाधित राहण्यात मुसलमान व्यापाऱ्याचाही स्वार्थ होता. शिवाय ही माणसे एकमेकांना कोल्लममध्ये प्रथमच भेटत नव्हती. इथले ख्रिस्ती ज्या पूर्वेकडच्या चर्चचे अनुयायी होते, त्याचा धर्मप्रमुख खलिफाच्या बगदादमध्येच राहत असे. त्याच पदावरच्या पहिल्या तिमथीने आठव्या शतकाच्या अखेरीस खलिफा अल-महदीशी धर्मावर समोरासमोर चर्चा केली होती.

एका ताम्रपटावर एवढा डोलारा उभा करायचा का, ही शंका रास्त आहे. दान दिले म्हणजे ते पाळले गेले असे नव्हे. पण पाचशे वर्षे पुढे या. १३४० च्या दशकात दोन परके प्रवासी याच कोल्लममध्ये उतरले. इब्न बतूताला तिथे श्रीमंत मुसलमान व्यापाऱ्यांची वस्ती, काजी आणि एका व्यापाऱ्याने बांधलेली देखणी जामा मशीद दिसली. मुसलमानांना या गावात मान आहे, असे तो नोंदवतो. पोपचा दूत जॉन मारिन्योली त्याच दशकात तिथे राहिला. मिरीच्या व्यवहाराचे आणि सार्वजनिक वजनकाट्याचे मालक ख्रिस्ती आहेत आणि त्या काट्याच्या उत्पन्नातून आपल्याला दरमहा शंभर सोन्याचे फनम मिळत, असे त्याने लिहून ठेवले आहे. नवव्या शतकात चर्चच्या हाती आलेला काटा चौदाव्या शतकातही ख्रिस्त्यांच्याच हाती आहे आणि गावात जामा मशीदही भरभराटीत आहे. हा योगायोग मानणे मला पटत नाही.

दुसरा आक्षेप अधिक जड आहे. सत्ता या दोघांपैकी कुणाचीच नव्हती. वर हिंदू राजा होता, म्हणून ते गुण्यागोविंदाने राहिले, असे कुणी म्हणेल. पंच तिसरा होता हे खरेच. पण राजाला कर हवा होता आणि कर देणारी गलबते हवी होती. साक्षी देणारे, काटा धरणारे आणि संघ चालवणारे लोक व्यापारीच होते. या सलोख्याची दुसरी बाजूही झाकू नये. त्याच ताम्रपटात जमिनीबरोबर ईळव आणि परीट कुटुंबेही चर्चच्या हवाली केली आहेत. त्यांची साक्ष कुणी घेतली नाही. व्यापाऱ्यांची शांतता ही गावातल्या सगळ्यांची शांतता नव्हती.

महाराष्ट्रातले ठाणे या संदर्भात आठवायलाच हवे. १३२१ मध्ये इथे तोलेंतीनोचा थॉमस आणि त्याचे तीन फ्रान्सिस्कन सोबती मुसलमान अधिकाऱ्यांच्या हुकमाने मारले गेले. सलोख्याची कहाणी खोडून काढायला ही घटना पुरेशी वाटेल. पण पुढे त्यांच्या अस्थी घेऊन चीनला गेलेल्या ओडोरिक या फ्रान्सिस्कन प्रवाशाने प्रकरणाची सुरुवात कशी झाली तेही सांगितले आहे. हे चौघे एका स्थानिक ख्रिस्ती कुटुंबात उतरले होते. नवऱ्याने बायकोला मारले. ती दाद मागायला थेट काजीकडे गेली आणि घरातले पाहुणे साक्षीदार आहेत, असे तिने सांगितले. ठाण्यातल्या ख्रिस्ती बाईला काजीची कचेरी इतकी जवळची होती. पुढे त्या कचेरीत मारहाणीचा विषय बाजूला पडला, धर्मावर वाद पेटला, पैगंबरांविषयी थेट प्रश्न आला आणि फ्रान्सिस्कनांनी तितकेच थेट उत्तर दिले. तंटा घरगुती होता तोवर कचेरीचे काम सुरळीत चालले होते.

मग ही घडी विस्कटली कशी? १५०२ मध्ये कोडुंगल्लूरच्या ख्रिस्त्यांनी वास्को द गामाला चांदीने मढवलेला दंड भेट देऊन पोर्तुगालच्या राजाचे संरक्षण मागितले. यावरून जुने सख्य पोकळ होते, असा निष्कर्ष काढला जातो. माझ्या मते यातून एवढेच दिसते की मधल्या काळात कालिकतच्या सामुतिरीच्या आश्रयाने मुसलमान व्यापाऱ्यांचे पारडे जड झाले होते आणि ख्रिस्त्यांना स्वतःचे पारडे सावरायचे होते. पोर्तुगीजांना मात्र समतोल नको होता, सगळी मिरी हवी होती. १५०५ मध्ये कोल्लममध्ये पोर्तुगीज गलबतांना आधी माल मिळावा म्हणून त्यांच्या एका कप्तानाने बंदरातल्या मुसलमान गलबतांची सुकाणू आणि शिडे काढून नेली. गावात दंगल उसळली. तिथल्या पोर्तुगीज वखारीचा प्रमुख अंतोनियू द सा आणि त्याच्या माणसांनी चर्चमध्ये आसरा घेतला आणि जमावाने त्यांच्यासकट ते चर्च जाळले. मिरी भरण्याचा क्रम एकाने जबरदस्तीने मोडला आणि साडेसहाशे वर्षांपूर्वी ज्या बंदरात मुसलमानांनी चर्चच्या हक्कांना साक्ष दिली होती, तिथेच हे घडले.