सावेदादांचा कॅमेरा

दादासाहेब फाळके यांचे नाव आपल्या बालाघाटच्या मराठी घरांतील शाळकरी मुलेही सांगतात. सावेदादा म्हटले, तर वडीलधाऱ्यांनाही क्षणभर थांबावे लागते. फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईत प्रदर्शित झाला. त्याच्या चौदा वर्षे आधी, योगायोगाने हरिश्चंद्र हेच नाव असलेल्या एका मराठी छायाचित्रकाराने चलच्चित्राचा प्रयोग करून पाहिला होता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ऊर्फ सावेदादा, ते हेच.

७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंची चित्रे प्रथम दाखवली गेली. भाटवडेकरांचे वय तेव्हा अठ्ठावीस. चकित होऊन घरी परतणारे पुष्कळ होते; यांनी इंग्लंडहून २१ गिनींना कॅमेरा मागवला. तत्कालीन दराने सुमारे ३३० रुपये झाले, आणि ते एका अनोळखी यंत्रावर! १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती मुद्दाम लावून ती त्यांनी टिपली. फिल्म धुण्यासाठी विलायतेला पाठवावी लागे. ती आगबोटीने परत येईपर्यंत चित्र उमटले की नाही, हे कळण्यास मार्ग नव्हता. भारतीयाने घेतलेले पहिले चलच्चित्र म्हणून इतिहासकार याच कुस्तीचा निर्देश करतात. पहिला मान तोरण्यांच्या १९१२ मधील ‘पुंडलिक’चा की फाळक्यांचा, हा वाद आपल्याकडे आवडीने घातला जातो, तो कथापटांपुरता आहे, एवढेच आम्ही नम्रपणे सुचवू.

आम्हांस मात्र कुस्तीपेक्षा डिसेंबर १९०१ मधील चित्रण अधिक मोलाचे वाटते. केंब्रिजला १८९९ साली सीनियर रँग्लर झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत त्यांचे जंगी स्वागत झाले. भाटवडेकर कॅमेरा घेऊन तेथे हजर होते. त्या चित्रात ना देव, ना राजा, ना कथा. परक्या अमलात आपल्यातील एका गणितज्ञाचे परतणे ही जतन करण्याजोगी घटना आहे, हे या गृहस्थास कोणी न सांगता सुचले. (याच परांजप्यांची नात सई परांजपे पुढे चित्रपट दिग्दर्शिका झाली.) १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला, पण दरबाराला कॅमेऱ्यांचा तोटा नव्हता. पुढे ते मुंबईच्या गेइटी नाट्यगृहाच्या व्यवस्थापनात रमले.

सरकारी दप्तरात हयात घालवल्यामुळे असेल, आम्हांस पुढची गोष्ट अधिक बोचते. कुस्तीचे किंवा परांजप्यांच्या स्वागताचे ते चित्र आज पाहावयास मिळत नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म झटकन पेट घेई, आणि आपल्या दमट हवेत आपोआप कुजे. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले १९६४ साली. सावेदादा २० फेब्रुवारी १९५८ रोजीच निवर्तले होते. म्हणजे बोलपट सुरू होऊन सत्तावीस वर्षे लोटेपर्यंत हा मनुष्य आपल्यात होता.

आमच्या लहानपणी टॉकीजमध्ये मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे समाचारचित्र लागे. त्या वेळात आम्ही शेंगदाणे घेण्यासाठी बाहेर पळत असू. सावेदादांनी चोखाळलेली वाट तीच होती, हे तेव्हा आम्हांस कोणी सांगितले नाही.